शिवपुरीचे रान आणि मराठी अरण्यवाङ्मय

मराठीत अरण्यावर लिहिलेल्या पुस्तकांचा परामर्श घेताना आपले समीक्षक बहुधा दोनच गोष्टी सांगतात. एक, लेखकाची भाषा काव्यमय आहे; आणि दुसरी, त्याला निसर्गाची ओढ आहे. या दोन्ही गोष्टी खऱ्या असतील. परंतु त्यांनी पुस्तक कळत नाही. ऋतुवर्णन, पक्षिनिरीक्षण, वनाधिकाऱ्याचे आत्मचरित्र, वानरांच्या टोळीवरील कादंबरी हे सारे ‘निसर्गलेखन’ नावाच्या एकाच गाठोड्यात बांधून ललितगद्याच्या कोनाड्यात ठेवून द्यावयाचे, अशी आपली रीत पडून गेली आहे. वस्तुतः या पुस्तकांतली अरण्ये निरनिराळी आहेत आणि त्यांच्याकडे जाणाऱ्या लेखकांच्या वाटाही निराळ्या आहेत. कोणी बंदूक घेऊन गेला, कोणी दुर्बीण, कोणी सरकारी हुकूम. कोण कोणत्या वाटेने आत शिरला, हे पाहिल्यावाचून या गद्याची थोरवीही समजावयाची नाही आणि त्यातली उणीवही.

हा विचार महाराष्ट्रापासून दूर, झाशीत बसून करण्यात एक सोय आहे. छावणीच्या सदर बाजारातून निघून पश्चिमेचा रस्ता धरावा, करैरा मागे टाकावे, की शंभरएक किलोमीटरांवर शिवपुरी लागते. तेथले माधव राष्ट्रीय उद्यान हे झाशीच्या मराठी माणसाचे खरे शेजारचे रान. मेळघाट आणि नागझिरा ही त्याला पुस्तकांतून भेटलेली. पुस्तकातले रान आणि शेजारचे रान यांची सांगड घालू गेले असता ती बसत नाही. आणि ती का बसत नाही, याचा शोध घेताना मराठी अरण्यगद्याविषयी बरेच काही कळून येते.

शिवपुरीचे डोंगर विंध्याच्या उत्तर अंगाचे. सह्याद्री पाहिलेला मनुष्य त्यांना टेकड्या म्हणेल. उद्यानातले सर्वांत उंच ठिकाणही समुद्रसपाटीपासून पाचशे मीटरांच्या आतच आहे. रान कोरडे, पानगळीचे. करधई, खैर, सालई, पळस यांचे. उन्हाळ्यात ते इतके उघडेवाघडे दिसते की येथे काही जगत असेल असे वाटू नये. परंतु चितळ, सांबर, नीलगाय, चिंकारा, चौशिंगा, अस्वल, तरस, बिबट्या ही जनावरे येथे आहेत, सख्यासागरात मगरी आहेत, आणि थंडीत त्या पाण्यावर उत्तरेकडचे बदके नि हंस उतरतात. अकबराने १५६४ साली या बाजूच्या रानात हत्ती धरल्याची नोंद आहे. आज हत्तींच्या या बातमीवर विश्वास बसत नाही. परंतु रानाचा इतिहास असाच असतो, त्याचे पुरावे कागदात राहतात आणि जमिनीवरून पुसले जातात.

पुढे हे रान ग्वाल्हेरच्या शिंद्यांचे झाले आणि शिवपुरी त्यांचे उन्हाळी ठाणे बनले. माधवराव शिंदे यांच्या कारकिर्दीत या रानाला जे रूप आले तेच बहुतांशी आजही दिसते. १९१८ साली बांध घालून केलेला तलाव, त्याला मातोश्री सख्याराजे यांचे नाव; पाण्याच्या काठी शिकारीसाठी बांधलेली कोठी; आणि उंचवट्यावर पंचम जॉर्जच्या १९११ च्या भेटीसाठी उभारलेला जॉर्ज कॅसल. त्या महालात राजेसाहेब मुक्कामाला राहिलेच नाहीत, असे सांगतात. माधवराव स्वतः नावाजलेले शिकारी. वाघाच्या शिकारीची रीत शिकवणारे त्यांचे इंग्रजी पुस्तक १९२० साली प्रसिद्ध झाले. मराठी घराण्यातल्या पुरुषाने रानावर लिहिलेले हे पुस्तक इंग्रजीत असावे, ही गोष्ट मला नुसत्या योगायोगाची वाटत नाही. ते ज्यांच्यासाठी लिहिले ते पाहुणे इंग्रज होते.

याच माधवरावांनी आफ्रिकेतून सिंह आणविले. विसाव्या शतकाच्या पहिल्या दोन दशकांतली ही गोष्ट. या मुलखातून नाहीसा झालेला सिंह पुन्हा रानात नांदावा, ही त्यामागची हौस. सिंह सोडले, ते गुरांवर आणि मग माणसांवर जाऊ लागले, आणि ज्यांनी सोडले त्यांनाच त्यांचा बंदोबस्त करावा लागला. राखणारा हात आणि मारणारा हात एकच असण्याचे याहून ठळक उदाहरण आपल्या इतिहासात मिळणे कठीण.

मराठीत ‘राखणे’ या क्रियापदाला दोन अर्थ आहेत आणि ते एकमेकांपासून सोडवता येत नाहीत. शेत राखतात ते पाखरांपासून. कुरण राखतात ते आपल्या गुरांसाठी, म्हणजेच दुसऱ्याच्या गुरांपासून. रान राखणे यातही कोणासाठी आणि कोणापासून हे दोन प्रश्न दडलेले आहेत. संस्थानी रमणा राखला जाई तो राजाच्या बंदुकीसाठी आणि रयतेच्या कुऱ्हाडीपासून. १९५६ साली शिवपुरीचे रान राष्ट्रीय उद्यान झाले, पुढे त्याला माधवरावांचे नाव मिळाले. १९७२ च्या कायद्याने बंदूक कायमची बाहेर गेली. कुऱ्हाडीचा प्रश्न मात्र होता तसाच राहिला. दरम्यान येथला वाघ संपला. २०२३ च्या मार्चमध्ये दुसरीकडून वाघ आणून सोडण्यात आले, आणि मार्च २०२५ मध्ये हे रान देशातला अठ्ठावन्नावा व्याघ्रप्रकल्प ठरले. म्हणजे ज्या रानाला शिकाऱ्याने जपले, त्याच्यातून जपणुकीच्या काळात वाघ गेला, आणि आता तो सरकारी वाहनातून परत आला. एवढे नाट्य ज्या भूमीवर घडले, तिच्यावर मराठी गद्याची दृष्टी पडली नाही. आमचे प्रवासी शिवपुरीस जातात ते १८५९ साली तात्या टोपे यांना जेथे फाशी दिले ती जागा पाहण्यास आणि शिंद्यांच्या संगमरवरी छत्र्या पाहण्यास. दोन्हीही पाहण्याजोग्याच आहेत. परंतु गाडी परत फिरते ती रानाकडे पाठ करून.

येथे एक तुलना करणे भाग आहे, आणि ती आपल्याला फारशी सुखावणारी नाही. याच झाशीत वृंदावनलाल वर्मा राहत होते. ‘झाँसी की रानी’ आणि ‘मृगनयनी’ यांचे कर्ते म्हणून मराठी वाचक त्यांना ओळखतो; पण त्यांचे ‘दबे पाँव’ हे शिकारीच्या अनुभवांचे पुस्तक आमच्यातल्या फारच थोड्यांनी उघडले असेल. वर्मा पेशाने वकील, आणि शिकारीचा नाद असलेले. बेतव्याच्या काठची रात्र, खड्ड्यात दबून धरलेली दबा, पिकात शिरणारी जनावरे, सोबतीला असलेले खेड्यातले लोक, हे त्या पुस्तकाचे जग. त्यात डौल नाही, आणि पराक्रमाची बढाई तर अगदीच कमी. माझ्या मते त्याचे मोल शिकारीच्या थरारात नसून दुसऱ्याच एका गोष्टीत आहे. वर्मांना रान हे गावाच्या शिवेवर लागते. शेतकऱ्याची रात्र रानडुकराच्या भीतीने जागरणात जाते, हे त्यांना ठाऊक आहे. ज्या वाटेने जनावर पाण्यावर येते त्याच वाटेने दिवसा बाया सरपणाला जातात, हेही. जनावर मात्र त्यांना बंदुकीच्या नळीच्या रेषेत दिसते. ते कसे जगते यापेक्षा ते कोठून येईल, याकडे त्यांचे लक्ष अधिक.

मराठी अरण्यगद्याने जे केले ते याच्या नेमके उलट आहे.

दुर्गा भागवतांचे ‘ऋतुचक्र’ आले ते १९५६ साली, म्हणजे शिवपुरीचे उद्यान झाले त्याच वर्षी. ते काही अरण्याचे पुस्तक नव्हे. त्यातली कितीतरी झाडे शहराच्या रस्त्यावर उभी आहेत. तथापि मराठी गद्याला पाहण्याची शिस्त लावली ती त्या पुस्तकाने. चैत्रापासून महिन्यामागून महिना घेत, झाडाच्या सालीत आणि पालवीत काय बदल झाला हे सांगताना दुर्गाबाई वाचकाला थांबायला लावतात. मात्र त्यांचा काळ वर्तुळाकार आहे. चैत्र पुन्हा येतो, आणि तो मागच्या चैत्रासारखाच असतो. लोकसंस्कृतीच्या एवढ्या मोठ्या अभ्यासक, मध्य भारतातल्या आदिवासींमध्ये हिंडलेल्या. परंतु त्यांच्या निसर्गगद्यात साल नाही, तिथी आहे. हा दोष म्हणून मी सांगत नाही, कारण ‘ऋतुचक्रा’ची सारी रचनाच त्यावर उभी आहे. पण पुढच्या लेखकांनी दुर्गाबाईंचे पाहणे घेतले त्याबरोबर हा तिथीचा काळही घेतला, आणि अरण्याला तो मानवतो का, याचा विचार कोणी केला नाही.

व्यंकटेश माडगूळकरांचे ‘नागझिरा’ १९७९ चे. भंडारा जिल्ह्यातल्या त्या वेळच्या अभयारण्यात एकट्याने मुक्काम करून, पाहिले ते टिपून लिहिलेले हे पुस्तक. माडगूळकर चित्रकार होते आणि एके काळी शिकारीही होते. या दोन्ही गोष्टी त्यांच्या गद्यात खोल मुरलेल्या आहेत. शिकाऱ्याची सावधगिरी त्यांनी ठेवली आणि बंदूक टाकून दिली. त्यामुळे एक मोठी गोष्ट घडली. जनावराला मारावयाचे नाही असे ठरले, की त्याच्याकडे पाहण्याला वेळेची मर्यादा उरत नाही. शिकाऱ्याची गोष्ट गोळीपाशी संपते. माडगूळकरांची संपतच नाही, ते नुसते बसून राहतात. सांबर पाण्यावर येते, कान हलवते, पाणी पिते आणि जाते. घडत काहीच नाही, आणि तरीही पान उलटताना आपण सावकाश श्वास घेत असतो. वाक्य आखूड, विशेषण जवळजवळ नाहीच. ज्यांनी या गद्याला ‘काव्यमय’ म्हटले त्यांनी ते नीट वाचले नसावे. काव्य टाळून मिळवलेली ही किंमत आहे.

‘सत्तांतर’ तीन वर्षांनी, १९८२ साली आले आणि १९८३ चा साहित्य अकादमीचा पुरस्कार त्यास मिळाला. पुस्तक लहानसे. वानरांच्या टोळीचा नायक म्हातारा होतो, बाहेरचा नर चालून येतो, झुंज होते, सत्ता बदलते. आणि नवा नायक आधीच्या नायकाची पिले मारतो. शास्त्रज्ञांना ही गोष्ट तोवर ठाऊक झालेली होती. सुगियामा यांनी धारवाडच्या रानात १९६० नंतरच्या वर्षांत हे टिपले होते, आणि अबूच्या वानरांवरचा सारा हर्डी यांचा ग्रंथ १९७७ चा. परंतु शास्त्राला ठाऊक असलेली गोष्ट कादंबरीत आणणे आणि ती वाचकाच्या अंगावर येऊ देणे, या दोहोंत अंतर आहे. माडगूळकरांनी वानरांना माणसांसारखे बोलावयास लावले नाही. त्यांना नावे दिली, पण ती माणसांची नव्हेत; पाहणाऱ्याला खूण पटावी एवढ्यापुरतीच. पिलू मारले गेल्यावर आईच्या दुःखाचे वर्णन करण्याचा मोह कोणाही लेखकाला झाला असता. येथे दुःख आहे, पण त्याला मानवी शब्दाचा आधार दिलेला नाही. आणि थोड्याच दिवसांत ती मादी नव्या नायकाच्या कळपात सामावते, हे लेखक तितक्याच थंडपणे सांगतो. वाचकाला राग येतो, आणि हा राग कोणावर काढावा हे त्याला कळत नाही.

या पुस्तकाचे नाव पाहून पुष्कळांनी त्याला राजकीय रूपक ठरवले. १९७७ नंतरच्या दिल्लीतल्या उलथापालथी ताज्या होत्या, तेव्हा असे वाटणे स्वाभाविक. पण रूपक म्हणून वाचले की ‘सत्तांतर’ लहान होते. दिल्लीतली सत्ता कशी बदलते हे सांगावयास वानरांची गरज नाही. वानरे कशी जगतात हे सांगावयास मात्र माडगूळकरांची गरज होती. नावातला राजकीय शब्द हा मला उलट दिशेने टाकलेला वाटतो. आपण ज्याला राजकारण म्हणतो ते आपल्याहून किती जुने आहे, एवढेच तो सांगतो.

हे सारे मान्य करून एक गोष्ट मनात सलते. माडगूळकर हे ‘बनगरवाडी’चेही कर्ते. १९५५ च्या त्या कादंबरीत मेंढरे, पाऊस, माळ आणि माणसे एकाच श्वासाने जगतात, आणि शेवटी दुष्काळात ते सारे गाव उठून जाते. माणसाचे आणि जनावराचे जिणे एका दोरीने बांधलेले आहे, हे इतक्या खोलवर जाणणारा दुसरा लेखक मराठीत झाला नाही. तोच लेखक नागझिऱ्यात गेला तेव्हा माणूस मागे ठेवून गेला. पहारेकरी, स्वयंपाकी, वाटाड्या असे लोक अशा पुस्तकांत येतात, परंतु ते सोबतीला असतात; रान त्यांचे काय लागते, हा प्रश्न उभा राहत नाही. कारण उघड आहे. अभयारण्याच्या फाटकातून आत जाण्यास मिळणारी परवानगी ही निरीक्षकाला मिळते. ज्या क्षणी ती मिळाली, त्या क्षणी ती कोणाला नाकारली हे पाहावयाचे राहून जाते. वर्मांकडे बंदूक होती म्हणून त्यांना जनावर पुरते दिसले नाही, पण गाव दिसले. माडगूळकरांनी बंदूक टाकली, जनावर पुरते दिसले, आणि गाव फाटकाबाहेर राहिले.

मारुती चितमपल्ली यांची गोष्ट निराळी. ते फाटकाच्या आतले. १९५८ ते १९६० कोइमतूरला वनविद्येचे शिक्षण, आणि मग १९९० पर्यंत वनखात्याची चाकरी. नवेगाव, नागझिरा, मेळघाट ही त्यांची ठाणी. २०२५ च्या जून महिन्यात सोलापूरला, जेथे त्यांचा जन्म झाला तेथेच, त्यांचे देहावसान झाले. त्याच वर्षी त्यांना पद्मश्री मिळाली होती. ‘पक्षी जाय दिगंतरा’पासून ‘चकवाचांदण’ या आत्मचरित्रापर्यंत त्यांनी मराठीला जे दिले त्याचे वर्णन एका शब्दात करावयाचे तर ते शब्दच. ‘शब्दांचं धन’ हे त्यांच्या एका पुस्तकाचे नाव आहे, पण ते त्यांच्या साऱ्या कामाला शोभले असते. झाडाची, पाखराची, पायवाटेची, पाणवठ्याची, रात्रीच्या प्रहरांची नावे त्यांनी गोंडांकडून, कोरकूंकडून, पारध्यांकडून, ढिवरांकडून ऐकली आणि मराठी गद्यात आणून ठेवली. पुण्यामुंबईच्या वाचकाला तोवर रानातले प्रत्येक पाखरू ‘एक पाखरू’ होते.

चितमपल्लींच्या गद्यातला दोषही येथूनच उगवतो. ऐकलेले आणि पाहिलेले ते एकाच पंक्तीस बसवतात. स्वतः पहाटे टिपलेली नोंद, वृद्ध पारध्याने सांगितलेली आख्यायिका, संस्कृत ग्रंथातले वचन यांना त्यांच्याकडे सारखाच मान. ‘मृगपक्षिशास्त्रा’सारखा जुना ग्रंथ मराठीत आणणाऱ्या माणसाला ही आवड असणे सहज आहे, आणि रान हे नुसते शास्त्राचे नसून श्रद्धेचेही असते, हे त्यांचे म्हणणे मला पटते. पण वाचकाने कोणत्या शब्दावर किती भार टाकावा, हे सांगण्याची जबाबदारी लेखकाची असते. ती ते नेहमी घेत नाहीत. याहून गंभीर गोष्ट ही, की ज्या लोकांनी हे शब्द दिले त्यांचा वनखात्याशी असलेला रोजचा व्यवहार, म्हणजे मोहफुले, तेंदूपाने, चराई, दंड, हा शब्दांइतक्या तपशिलाने त्यांच्याकडे येत नाही. नावे सांगणारा माणूस प्रेमाने रंगवलेला आहे. त्याच्या घरी त्या वर्षी काय झाले, हे कळत नाही. अधिकाऱ्याला सांगण्याजोग्या गोष्टी लोक त्याला सांगत असतील. उरलेल्या सांगत नसतील.

शब्दांचा विषय निघालाच आहे, तर बृहन्महाराष्ट्रातल्या वाचकाचे एक दुखणे येथेच मांडतो. चितमपल्लींचे शब्दधन विदर्भाचे. पळस, मोह, टेंभुर्णी ही नावे झाशीच्या मराठी घरात टिकली असली तरी ती पुस्तकातून किंवा आजीच्या तोंडून. दारातला माणूस त्याच पळसाला छेवला म्हणतो आणि टेंभुर्णीला तेंदू. ज्या करधईने शिवपुरीचे आणि पलीकडचे सारे डोंगर झाकलेले आहेत, तिला मराठी नाव शोधू गेल्यास पंचाईत होते. धावड्याची ती सख्खी बहीण, पण धावडा नव्हे. पाऊस पडण्याआधीच, नुसत्या हवेतल्या ओलाव्याने ती पालवते असे येथले लोक सांगतात. मराठी अरण्यगद्यात या झाडाला जागा मिळालेली मी पाहिलेली नाही. परमुलखातल्या मराठी लेखकाने ‘करधई’ हा बुंदेली शब्द घ्यावा आणि तो मराठी करावा. ज्ञानेश्वरांच्या भाषेला त्याने बाध येत नाही. चितमपल्लींनी गोंडी शब्दांच्या बाबतीत हेच केले.

शिवपुरीच्या वाटेवरचे करैरा पाहा. तेथे १९८१ साली माळढोकासाठी अभयारण्य झाले. आमच्या वाचकाला माळढोक म्हटले की सोलापूरजवळचे नान्नज आठवते. करैऱ्याचा शेतकरी त्याच पक्ष्याला सोनचिरैया म्हणे. हे अभयारण्य मुख्यतः शेतकऱ्यांच्या मालकीच्या जमिनींवर आखलेले होते, आणि त्या जमिनींच्या खरेदी-विक्रीवर बंधने आली. ज्याच्या शेतात पक्षी, त्याच्याच गळ्यात दोर. १९९० नंतरच्या वर्षांत पक्षी दिसेनासा झाला, बंधने मात्र पुष्कळ वर्षे राहिली. शेवटी अभयारण्याचा दर्जाही काढून घेण्यात आला. माळढोकाच्या नाहीसे होण्यावर हळहळणारे लेख मराठीत पुष्कळ येतात. पण आपल्याच शेतात उतरणाऱ्या पाखराचा शेतकऱ्याला राग यावा, हा जो विपरीत प्रसंग करैऱ्यात घडला, त्यात एका चांगल्या कथेचे बीज आहे, हे आमच्या कथालेखकांना दिसले नाही.

आणि शिवपुरीच्या पलीकडे, श्योपूर जिल्ह्यात, कुनो. गीरचे सिंह तेथे आणावयाचे म्हणून १९९८ पासून पुढच्या चारपाच वर्षांत पालपूर-कुनोच्या अभयारण्यातली २४ गावे उठवली. त्यांतले बहुतेक लोक सहरिया. सर्वोच्च न्यायालयाने २०१३ साली सिंह हलविण्याचा आदेश दिला, तरी सिंह आले नाहीत. २०२२ च्या सप्टेंबरात नामिबियातून आले ते आठ चित्ते. माधवरावांच्या सिंहांनंतर शंभर वर्षांनी त्याच मुलखात आफ्रिकेचे जनावर पुन्हा उतरले. प्राणिशास्त्राच्या दृष्टीने या दोन प्रयोगांत फार अंतर आहे, आणि दोहोंना एकाच मापाने मोजणे अन्यायाचे होईल. पण कादंबरीकाराला यापेक्षा अधिक काय हवे असते?

मराठीत गाव उठण्याचे वाङ्मय नाही असे नव्हे. ‘बनगरवाडी’ दुष्काळाने उठली. विश्वास पाटलांच्या ‘झाडाझडती’त, १९९१ साली, धरणाने उठलेल्या गावांचे हाल आले, आणि ते इतक्या जिद्दीने आले की धरणग्रस्त हा शब्द त्यानंतर कोरडा राहिला नाही. रानासाठी उठलेले गाव मात्र आमच्या गद्याच्या दोन दालनांमध्ये अडकले आहे. ग्रामीण कादंबरीला ते रानातले वाटते, आणि निसर्गलेखनाला ते गावातले. मेळघाटात कोहा, कुंड, बोरी ही कोरकूंची गावे व्याघ्रप्रकल्पाच्या गाभ्यातून बाहेर काढली गेली. महाराष्ट्रातल्याच गावांची ही स्थिती, तेथे कुनोच्या सहरियांची वार्ता मराठीपर्यंत पोहोचावी ही अपेक्षा अधिकच दूरची.

यावर एक आक्षेप येईल, आणि तो बिनमहत्त्वाचा नाही. अरण्यलेखन म्हणजे समाजशास्त्राचा अहवाल नव्हे; माडगूळकरांनी वानरे लिहिली, ती उत्तम लिहिली, त्यांच्याकडून सहरिया मागण्याचा अधिकार समीक्षकाला कोणी दिला? हे मला मान्य आहे. ‘सत्तांतरा’च्या एका पानात मी फेरफार मागत नाही. किंबहुना अशी मागणी करणाऱ्यांनी आजवर जे लिहिले आहे ते बहुधा सभेतल्या ठरावासारखे आहे. त्यात माणसाची कड घेताना जनावर पुन्हा पेंढा भरलेले होते, आणि वाघ म्हणजे सरकारचा हस्तक एवढेच त्याचे पात्र उरते. माझे म्हणणे वेगळे आहे. वाट पाहणे, विशेषण टाळणे, कड न घेता शेवटपर्यंत पाहत राहणे ही जी दृष्टी माडगूळकरांनी वानरांवर ठेवली, ती उठलेल्या गावावर ठेवण्यासारखी आहे. तेथे कणवेचे शब्द पुष्कळांनी वापरून झाले. ती थंड नजर अजून कोणी वापरली नाही.

कारण कुनोत पाहण्याजोगे काय उरले, ते वनअभ्यासकांनी नोंदवून ठेवलेलेच आहे. गावे गेली तेव्हा सारी गुरे बरोबर गेली नाहीत. कित्येक मागे राहिली, आणि काही वर्षांत रानटी झाली. माणूस दिसला की पळू लागली. घरांची मोकळी आळी आणि जुनी शेते यांवर गवत वाढले, आणि ज्या जमिनीत सहरियांचे बाजरी-तीळ उभे राहत असत तेथे चितळांचे कळप चरू लागले. उद्यानातली उत्तम कुरणे म्हणून आज जी दाखवली जातात, त्यांतली कितीतरी म्हणजे कोणाची तरी शेते आहेत. चित्त्याला धावावयास मोकळे मैदान लागते. ते त्याला तेथे मिळाले.